फुटव्यांचे दिवस

'साबर बोंडं' हा मराठी सिनेमा पाहून ठाण्याहून पनवेल गाडीत बसलो. गुरुजी खिडकीशी. ऐरोली गेलं, कोपरखैरणे गेलं, हा एक शब्द बोलेना. तुर्भे सोडल्यावर म्हणाला, "यात आपल्यातलं कोणी मेलं नाही."

मी म्हटलं, "बाप जातो की."

"तो सुरुवातीलाच. मी आपल्यातल्यांबद्दल बोलतोय."

मग खारघर येईपर्यंत परत गप्प. जिना चढताना त्यानं माझ्या शर्टाची बाही धरली होती. गुडघे दुखतात म्हणून धरतो तशी नाही, नुसती धरली होती.

गुरुजी म्हणजे माझा जोडीदार. ठाण्यातल्या एका शाळेत मराठी शिकवतो म्हणून सगळे त्याला गुरुजी म्हणतात. मीही म्हणतो, फक्त अहोजाहो करत नाही. २००६ साली गडकरी रंगायतनला एका हौशी संस्थेच्या प्रयोगाला तो प्रकाशयोजना सांभाळत होता आणि मी मित्राच्या पासावर फुकट नाटक बघायला गेलो होतो. मध्यंतरात वड्याच्या रांगेत गाठ पडली. प्रयोग संपल्यावर तलावपाळीला दोन फेऱ्या मारल्या, तिसरी मारली, शेवटची गाडी चुकली. तेव्हापासून आजपर्यंत एकोणीस वर्षं. मी भातावर काम करतो, तो नाटकावर. घरात दोन्हीचा पसारा असतो.

माझं काम थोडं सांगायला हवं, कारण त्या रात्री गुरुजी जे म्हणाला ते मला माझ्या कामाच्या भाषेतच समजलं.

मी अलिबागच्या खारेपाटातला. आमच्याकडे जमीन समुद्राकडून मागून घेतलेली आहे. खाडीच्या अंगाला मातीचा बांध, बांधात उघाडी. ओहोटीला उघाडीचं झडप उघडून पावसाचं पाणी बाहेर जातं, भरतीला खारं पाणी दाबून झडप मिटतं. बांध धड असेल तर भात. बांधाला खांड गेली तर एका उधाणात शेत खाडीत जमा, आणि पुढची दोन-तीन वर्षं त्या मातीत मीठ. मी बारावीत असताना आमच्या खाराला खांड गेली. बाबा तीन दिवस गुडघाभर चिखलात माती ओढत होते. त्यांची ती पाठ बघून मी ठरवलं की शिकायचं ते भाताचंच, आणि तेही खाऱ्या जमिनीतल्या भाताचं. दापोलीला गेलो, शिकलो, आणि पुढे नोकरीही त्याच कामात लागली.

खारजमिनीचं संशोधन आपल्या भागात जुनं आहे. पनवेलला कोकण कृषी विद्यापीठाचं खारभूमी संशोधन केंद्र आहे. पनवेल-१, पनवेल-२, पनवेल-३ ही भाताची वाणं तिथलीच, खाऱ्या मातीत तग धरणारी. त्याच्या आधी शेतकऱ्यांनी पिढ्यान्‌पिढ्या राखलेले काळा रत्ता, भुरा रत्ता होते. जगभरचे पैदासकार, म्हणजे पिकाचे नवे वाण घडवणारे, खारेपणा सोसणारा भात शोधतात तेव्हा केरळच्या पोक्कळीबरोबर आमच्या या रत्त्यांचंही नाव घेतात. नवी मुंबईत राहणाऱ्या लोकांना मी हे मुद्दाम सांगतो. ज्या इमारतींत आपण राहतो त्यांच्या पायाखाली कितीतरी ठिकाणी अशीच शेतं होती.

मातीत मीठ किती ते तिच्या अर्काच्या विद्युत वाहकतेवरून मोजतात. ती दर मीटरला ४ डेसिसायमनच्या वर गेली की त्या जमिनीला खारी म्हणतात. भात ३ नंतरच कमी पडायला लागतो आणि पुढच्या प्रत्येक अंकामागे साधारण १२ टक्के उत्पन्न जातं. पण हे सरासरीचं बोलणं झालं. भाताचं पीक सगळ्या वयात सारखं हळवं नसतं. दोन वेळा ते फार हळवं असतं. एक म्हणजे रोप असताना. दुसरी म्हणजे पोटरीत येऊन निसवताना, फुलोऱ्यात. फुलोऱ्यात मीठ लागलं तर परागकण मरतात, दाणा भरत नाही, लोंबीत नुसती पळिंज. या दोन्हींच्या मधे जो काळ असतो, लावणीनंतरचा, फुटवे म्हणजे बुडातून नवे कोंब फुटण्याचा, त्यात भात पुष्कळ सोसतो.

कसं सोसतो ते मी पंचवीस वर्षं बघतोय आणि अजून कंटाळलो नाही. मुळातून पाण्याबरोबर मीठ आत येतंच. चांगला वाण काय करतो, तर ते मीठ जुन्या पानांत नेऊन साठवतो. खालची पानं शेंड्याकडून वाळत जातात, पण नवं पान कोवळं हिरवं बाहेर येतं. फुटव्यामागून फुटवा. बांधावरून बघणाऱ्याला शेत पिवळट, रोगट वाटतं. वाकून चूड हातात धरली की आतला कोंब दिसतो.

आम्ही नव्या वाणांची पहिली परीक्षा रोपावस्थेत घेतो. मीठ घातलेल्या पोषक द्रावणात रोपं वाढवायची आणि १ ते ९ गुण द्यायचे. १ म्हणजे रोप ठणठणीत, ९ म्हणजे जवळजवळ सगळी मेलेली. सोपी, स्वस्त, थोड्या दिवसांत होणारी परीक्षा. म्हणून जगात सगळ्यात जास्त माहिती रोपांची आहे. फुलोऱ्याची परीक्षा अवघड, तरी ती होते, कारण तिथे दाणा ठरतो. मधल्या काळाकडे त्या मानानं कमी लोक बघतात, कारण तिथे फारसं कोणी मरत नाही.

दापोलीच्या वसतिगृहात असताना मी ग्रंथालयातून 'मित्राची गोष्ट' आणलं होतं. तेंडुलकरांचं नाटक, १९८१ साली रंगमंचावर आलेलं. विनय आपटेंचं दिग्दर्शन, रोहिणी हट्टंगडी 'मित्रा'च्या भूमिकेत. मी प्रयोग पाहिला नव्हता, फक्त पुस्तक. मित्रा म्हणजे सुमित्रा देव, कॉलेजातली मुलगी, तिला नमा नावाच्या मुलीवर प्रेम जडतं. गोष्ट सांगतो तो बापू, तिचा मित्र. मी ते एका रात्रीत वाचलं. माझ्या खोलीत आणखी दोघं झोपलेले होते, म्हणून व्हरांड्यातल्या दिव्याखाली उभा राहून वाचलं. माझ्यासारखं माणूस छापील मराठीत मला तिथे पहिल्यांदा भेटलं. आणि शेवटच्या पानांत ते मेलं.

त्या पुस्तकानं मला एकाच रात्रीत दोन गोष्टी सांगितल्या. तू एकटा नाहीस, आणि तू जगणार नाहीस.

तेंडुलकरांवर माझा राग नाही. १९८१ साली मराठी प्रेक्षकांसमोर ती मुलगी उभी करायला छाती लागते. तिला त्यांनी बिचारी केलं नाही. ती हट्टी आहे, चिडकी आहे, लोभसही आहे, आणि म्हणूनच ती मरते तेव्हा इतकं लागतं. पण मला आजही वाटतं की मित्राला तिची गोष्ट स्वतः सांगायला मिळायला हवी होती. बापू भला माणूस आहे, पण तो बांधावरून बघतो.

पुढे मी मिळेल ते बघत गेलो. आपल्या माणसांची नाटकं, सिनेमे, सगळं. 'उंबरठा' लहानपणी दूरदर्शनवर लागला होता. त्यातल्या आश्रमातल्या, एकमेकींवर जीव जडलेल्या दोन बायकांच्या प्रसंगाला घरातली मोठी माणसं एकदम पाणी प्यायला उठली होती. 'फायर' आला तेव्हा सिनेमाघरं फोडली गेली, तेवढंच आमच्यापर्यंत पोचलं, सिनेमा बराच उशिरा पाहिला. 'माय ब्रदर निखिल' ठाण्यात एकट्यानं पाहिला. बघता बघता एक गोष्ट लक्षात यायला लागली. बहुतेक सगळ्या गोष्टी दोनच ठिकाणी घडत होत्या. एक तर घरी कळण्याच्या वेळी, नाहीतर शेवटाला. रोप, नाहीतर फुलोरा. लेखकांचंही आमच्यासारखंच असावं. जिथे पीक हळवं तिथे परीक्षा घ्यायची, कारण तिथे निकाल लागतो. मधली वीस-तीस वर्षं, ज्यात माणूस रेशनला रांग लावतो, दात काढून घेतो, जोडीदाराशी गॅसच्या नंबरावरून भांडतो, ती कोणाच्या वहीत नव्हतीच.

एक अपवाद मला फार प्रिय आहे. 'अलिगढ' हा २०१६ चा सिनेमा. प्राध्यापक रामचंद्र सिरस यांची खरी हकीगत, मनोज वाजपेयी सिरसांच्या भूमिकेत. सिरस नागपूरकडचे, तिकडे उत्तरेत मराठी शिकवायचे, कविता करायचे. 'पायाखालची हिरवळ' हा त्यांचा संग्रह. त्यांचा शेवट कोणता ते सर्वांना ठाऊक आहे. समलिंगी संबंधांवरून विद्यापीठानं त्यांना निलंबित केलं होतं. उच्च न्यायालयानं त्यांच्या बाजूनं कौल दिला आणि काही दिवसांतच, एप्रिल २०१० मध्ये ते खोलीत मृत सापडले. म्हणजे ही गोष्टही मरणाचीच. पण सिनेमात एक लांबच लांब प्रसंग आहे. सिरस रात्री एकटे बसलेत, हातात पेला, लताबाईंचं जुनं गाणं लागलंय आणि ते डोळे मिटून सोबत गुणगुणताहेत. काही घडत नाही. कॅमेरा हलत नाही म्हटलं तरी चालेल. मला त्या प्रसंगात रडू आलं, मरणात नाही आलं. कारण ते फुटव्यांचे दिवस होते. त्या माणसाला गाण्याची आवड होती, संध्याकाळ होती. एवढं तरी कोणीतरी टिपून ठेवलं.

आईची गोष्ट सांगतो. चेतन दातारांचं 'एक माधवबाग' हे एका आईचं मनोगत आहे, मुलगा समलिंगी आहे हे कळलेल्या आईचं. दातार २००८ मध्ये गेले, फार लवकर गेले. हा एकपात्री तुकडा मात्र अजून ठिकठिकाणी होत असतो. काही वर्षांपूर्वी एका छोट्या सभागृहात त्याचं वाचन होतं. गुरुजी म्हणाला, आईंना आणू या. मी नको म्हणत होतो. आई तेव्हा सत्तरीची, गावाहून डोळे तपासायला आमच्याकडे आलेली. गुरुजी आमच्या घरी राहतो हे तिला ठाऊक होतं, माझी भाचरं त्याला गुरुजीमामा म्हणतात हेही ठाऊक होतं. त्यापलीकडचं कधी कोणी उच्चारलं नव्हतं.

ती पहिल्या रांगेत पदर खांद्यावर घेऊन बसली. संपल्यावर टाळ्या वाजवल्या. बाहेर चहा घेतला. गाडीत बसल्यावर म्हणाली, "त्या बाईला कळलं तवा ती एकटीच होती. मी पण एकटीच होते."

मी विचारलं, "कधी कळलं तुला?"

"तू दापोलीला होतास तवा. सुट्टीत आलास नि बोलनास. आईला कळतं." मग थांबून म्हणाली, "तुझ्या बापाला सांगायचं होतं. पण तवा परत खांड गेली होती, त्याचं डोकं बांधात. म्हटलं, त्यो बांध पहिला बांधू दे."

बाबा पुढे गेले. तिनं त्यांना सांगितलं की नाही ते मी विचारलं नाही, तिनंही सांगितलं नाही. गुरुजी समोरच्या बाकावर बसला होता. आईनं पिशवीतून चिकूची पुडी काढून आधी त्याच्या हातात दिली.

पैदासकाराला एक गोष्ट पक्की ठाऊक असते. रोपावस्थेत तगलेला वाण फुलोऱ्यातही तगेल असं नाही. दोन्हींचे गुणधर्म वेगळे, जनुकं वेगळी. एका परीक्षेत पास झाला म्हणून दुसरीची हमी नाही. मला वाटलं होतं, आईचं झालं, आता सुटलो. ६ सप्टेंबर २०१८, गुरुवार. मी शेतात होतो, भात पोटरीत आला होता. गुरुजीचा फोन आला, समलिंगी संबंधांना गुन्हा ठरवणाऱ्या कलम ३७७ मधला आपल्यावरचा डाग सर्वोच्च न्यायालयानं पुसला. मी बांधावर बसून घेतलं. सोबतच्या मजूर बाई म्हणाल्या, "साहेब, उन्हाचं का?" मी हो म्हटलं. त्या दिवशीही वाटलं, आता सुटलो.

२०२१ मध्ये गुरुजीला एका रुग्णालयात भरती करावं लागलं. पित्ताशयाची शस्त्रक्रिया, तातडीची. संमतीपत्रावर रकाना होता : रुग्णाशी नातं. मी लिहिलं, मित्र. खिडकीतल्या माणसानं कागद परत सरकवला. म्हणाला, मित्र चालत नाही, नातेवाईक बोलवा. त्याचा भाऊ साताऱ्याहून निघाला, पोचायला पाच तास. ते पाच तास मी बाहेरच्या खुर्चीवर त्याची चप्पल पिशवीत घेऊन बसलो होतो. पंधरा वर्षं एका छपराखाली राहिलेल्या माणसासाठी मराठीत माझ्याजवळ एकच शब्द होता आणि तो खिडकीवर चालला नाही. १७ ऑक्टोबर २०२३ ला लग्नाच्या हक्काचा निकाल आला. न्यायालयानं तो संसदेवर सोडला. तेव्हा गुरुजी फक्त एवढंच म्हणाला, "म्हणजे खिडकी तशीच."

आता परत 'साबर बोंडं'कडे येतो. रोहन परशुराम कानवडे यांचा सिनेमा. जानेवारी २०२५ मध्ये सनडान्स महोत्सवात जागतिक कथाचित्र विभागाचं परीक्षक मंडळाचं सर्वोच्च पारितोषिक त्याला मिळालं आणि १९ सप्टेंबरला तो आपल्याकडे लागला. वडील गेल्यावर मुंबईत नोकरी करणारा आनंद दहा दिवसांच्या दुखवट्याला गावी येतो. नातेवाईक लग्नाचा विषय काढत राहतात. तिथे बाळ्या आहे, लहानपणचा मित्र, शेतात राबणारा. आनंदच्या आईला सगळं माहीत आहे. म्हणजे सांगण्याचा प्रसंग सिनेमाच्या आधीच होऊन गेलाय. आता फक्त दहा दिवस काढायचे आहेत. ऊन, ओसरी, शेरडं, झाडाखाली पडून राहणं. दोन माणसं एकमेकांजवळ हळूहळू येतात आणि कॅमेरा घाई करत नाही. तुर्भ्यानंतर गुरुजी जे म्हणाला ते याबद्दल होतं. रोपही नाही, फुलोराही नाही. हे फुटवे होते. पडद्यावर, मराठीत, आणि तेही शेताच्या बांधावर.

नावातल्या फळाबद्दल एक कृषीवाला म्हणून बोलल्याशिवाय राहवत नाही. साबर किंवा निवडुंग मूळचा इथला नाही, अमेरिकेतून आलेला. १७९५ मध्ये इंग्रजांनी लाल रंगासाठी कोचिनील किडा ब्राझीलहून कलकत्त्याला आणला. तो भलत्याच जातीचा निघाला, रंग काही धड मिळाला नाही, पण त्यानं निवडुंगाची एक जात खाऊन साफ केली. तणाचा किड्यानं बंदोबस्त करण्याचं जगातलं जवळजवळ पहिलं उदाहरण ते. पुढे १९२६ मध्ये दुसऱ्या जातीच्या निवडुंगासाठी दुसरा किडा सिलोनहून मुद्दाम आणला. एवढं करूनही निवडुंग माळावर आहेच, आणि आता बिनकाट्याचा निवडुंग दुष्काळी भागात चारा म्हणून लावतात. ही वनस्पती पानाफांद्यांची रंध्रं दिवसा मिटून घेते आणि रात्री उघडते. दिवसा उघडली तर सगळं पाणी उडून जाईल. हे मी गुरुजीला जिन्यात सांगितलं तेव्हा तो म्हणाला, "रात्रीची शेवटची गाडी चुकवणारे आपण." मग म्हणाला, पण आता दिवसाही उघडायचं.

दुसऱ्या दिवशी त्यानं वही काढली. एकांकिका लिहितोय. दोन पात्रं, दोघंही पन्नाशीचे, खारघरमधलं घर. एकाला सकाळी गावी निघायचंय, बांधाची गावकी आहे. दुसऱ्याला शाळेत पेपर तपासायचेत. पस्तीस मिनिटांत डबा भरला जातो, छत्री सापडत नाही, एक जुना फोटो सापडतो, छत्री सापडते. बस. पहिलं वाचन ठाण्यात संस्थेच्या मंडळींसमोर झालं. तिथली पोरं गुणी आहेत, मनापासून काम करतात. पण वाचून झाल्यावर एकजण म्हणाला, "सर, यात संघर्ष कुठाय? निदान एकाच्या घरी कळत नाहीये, असं करू या का?" दुसरी म्हणाली, "शेवटी एकाला काहीतरी होऊ दे. स्पर्धेत तेच उचललं जातं."

गुरुजी ऐकून घेत होता. मी कोपऱ्यात बसलो होतो, मला बोलायचा अधिकार नव्हता, तरी बोललो. म्हटलं, "लावणीनंतर चाळीस दिवस शेतात जाऊन बघा. काही होत नाहीये असं वाटेल. त्याच दिवसांत एका रोपाची दहा होतात." पोरांना ते पटलं की नाही, माहीत नाही. तालमी चालू झाल्यात. छत्री शोधणाऱ्याचं काम करणारा मुलगा बावीस वर्षांचा आहे. त्यानं परवा मला बाजूला घेऊन विचारलं, "काका, पन्नाशीचा माणूस जोडीदाराला हाक कशी मारतो?" त्याला काय विचारायचं होतं ते मला कळलं. मी म्हटलं, रविवारी घरी जेवायला ये, ऐकून जा.

तो आला. मेथीची भाजी, भाकरी आणि गावच्या काळ्या रत्त्याचा भात. भावाच्या शेतात मी चार गुंठ्यांत रत्ता राखलाय, स्वतःच्या हौसेनं. यंदा ऑक्टोबरच्या अखेरीला कापला. जेवणं झाल्यावर टेबल पुसून मी लोंब्या झोडून ठेवलेल्या पिशव्या काढल्या. हजार दाण्यांचं वजन करायचं असतं, त्यासाठी आधी हजार दाणे मोजावे लागतात. यंत्र कामावर आहे, घरी बोटं. गुरुजीनं चष्मा चढवून पाचशे घेतले, मी पाचशे. मुलगा दिव्याखाली बसून बघत होता.

तीनशे बारावर असताना गुरुजीनं हाक मारली, "अरे ए, दूध तापत ठेवलंयस का?" मी उठलो. दूध उतू गेलं होतं. परत आलो तर आकडा विसरलेला. गुरुजीनं न बोलता माझा ढीग स्वतःकडे ओढला, अर्धा मुलापुढे सरकवला, आणि तिघांनी एकपासून मोजायला घेतलं.